निजगार: स्वप्नं आणि सावल्या पिणारा दगड कथेसाठी कसा घडवावा

माझ्या कादंबरीच्या पहिल्या खर्ड्यातला दगड काहीही करू शकायचा. झोपलेल्याच्या स्वप्नात शिरायचा, सावली कापून वेगळी काढायचा, अंधारात वाट दाखवायचा, वाईट स्वप्नं पळवून लावायचा. चाळीस पानं झाल्यावर ती मी माझ्या अकरा वर्षांच्या भाचीला वाचून दाखवली. कथेत नायिकेची आई वारलेली आहे आणि दगड नायिकेच्या मुठीत आहे. भाची म्हणाली, "मावशी, मग ती आईच्या सावलीलाच का नाही बोलवत?" मला उत्तर देता आलं नाही. चाळीस पानं बाजूला ठेवली आणि दगडापासून पुन्हा सुरुवात केली.

त्या दुसऱ्या सुरुवातीत जे हाती लागलं ते इथे लिहिते आहे. अद्भुतकथा लिहिणाऱ्यांना ते उपयोगी पडेल, आणि मुलांना रोज रात्री नवी गोष्ट सांगावी लागते अशा आईबापांनाही. माझ्या दगडाचं नाव निजगार. तो काल्पनिक आहे, पण तो जिथून उचलला ती मुंबई खरी आहे, आणि खाली येणारी खऱ्या दगडांची माहितीही खरी आहे.

सामान फार लागत नाही. एक वही, स्वयंपाकघरातला डिजिटल वजनकाटा, दोरा, तांब्याची तार, लोखंडी खिळा, काचेचा तुकडा, मागची बाजू खडबडीत असलेला टाइलचा तुकडा आणि रस्त्याच्या कडेने उचललेले तीन-चार दगड.

पायरी १: दगड कुठे जन्मला ते ठरवा

शक्ती ठरवायची घाई करू नका. आधी जन्म ठरवा. "आकाशातून पडला" किंवा "देवाने दिला" असं लिहिलं की दगडाला गाव उरत नाही, आणि गाव नसलेल्या दगडाबद्दल लिहिण्यासारखं फार काही सापडत नाही.

मुंबई याबाबतीत श्रीमंत आहे. आपण ज्या काळ्या कातळावर राहतो तो बेसॉल्ट, म्हणजे थिजलेला लाव्हा. अंधेरी पश्चिमेला गिल्बर्ट हिल आहे. सुमारे ६० मीटर उंच, उभ्या काळ्या खांबांची मोळी बांधून ठेवावी तशी. लाव्हा सावकाश थंड होताना आकसला, त्याला तडे गेले आणि ते तडे खाली खाली उतरत जाऊन हे खांब झाले. वय ६ कोटी वर्षांहून जास्त. चारी बाजूंनी इमारती आल्या आहेत, वर देऊळ आहे, आणि कातळात खोदलेल्या पायऱ्यांनी चढता येतं. एकदा जाऊन पायथ्याशी उभे राहा आणि खांबांवर उन्हं कशी सरकतात ते बघा. तिथे उभ्या उभ्या वहीत दहा ओळी लिहा, घरी आल्यावर त्या तशा सुचत नाहीत.

आता मुख्य गोष्ट. लाव्हा थिजताना त्यात वायूचे बुडबुडे अडकतात. बुडबुड्यांच्या जागी पोकळ्या राहतात. पुढे हजारो-लाखो वर्षं खनिजं विरघळलेलं पाणी त्या पोकळ्यांतून झिरपतं आणि आतून भिंतीला धरून स्फटिक वाढतात. बाहेरून ओबडधोबड काळा धोंडा, फोडला की आत पांढऱ्या, हिरव्या, गुलाबी स्फटिकांची गुहा. झिओलाइट गटातली खनिजं आणि त्यांचे सोबती असेच तयार होतात. मालाड, कांदिवली, कुर्ला या भागांतल्या जुन्या दगडखाणींतून हिरवट प्रेहनाइटसारखी खनिजं निघाली आणि जगभरच्या संग्रहालयांत गेली. ओकेनाइट नावाचं खनिज तर कापसाच्या बोंडासारखं दिसतं. त्याचे तंतू इतके नाजूक की बोट लावलं तर दबतात आणि पुन्हा उभे राहत नाहीत.

हे वाचलं त्या रात्री मला निजगार सापडली. ती पोकळीत जन्मते. जिथे लाव्हाचा श्वास अडकला आणि मग निघून गेला, तिथे. आतून बाहेर वाढत नाही, भिंतीकडून मध्याकडे, अंधाराच्या दिशेने वाढते. तिचा सगळा स्वभाव मला या एका गोष्टीतून मिळाला: ती भरून घेणारी वस्तू आहे.

खऱ्या दगडांसाठी दोन सूचना. चालू किंवा बंद पडलेल्या खाणीत उतरू नका, कडे ढासळतात आणि डबक्यांचा तळ कळत नाही. कान्हेरी लेण्यांच्या परिसरातून, म्हणजे राष्ट्रीय उद्यानातून, खडासुद्धा उचलू नका. स्फटिक डोळे भरून बघायचे असतील तर नाशिकजवळ सिन्नरला गारगोटी नावाचं खनिज संग्रहालय आहे. मुंबईहून पहाटे निघालात तर रात्री घरी परत येता.

पायरी २: हाताला कसा लागतो

जादूच्या दगडाचं वर्णन बहुतेक वेळा "तेजस्वी, निळसर, गूढ" इथेच संपतं. खनिजं ओळखणारे लोक वेगळे प्रश्न विचारतात, आणि ते प्रश्न लेखकाच्या फार कामाचे आहेत.

पहिला, कठीणपणा. फ्रीडरिश मोस या जर्मन खनिजतज्ज्ञाने १८१२ साली १ ते १० अशी मोजपट्टी आखली. १ म्हणजे शंखजिरे, १० म्हणजे हिरा. ज्याच्यावर ओरखडा उठतो तो मऊ, इतका साधा हिशेब. नख साधारण २.५, तांब्याची तार ३, काच ५.५, गारगोटी ७. रस्त्यावरून आणलेल्या दगडांवर नख, तार, खिळा असं क्रमाने ओढून बघा, मग दगड काचेवर ओढून बघा. बोटांना जो फरक कळतो तो वहीत उतरवा. मी निजगारीला ३ दिली. नखाने चरा उठत नाही, पण खिशात किल्ल्यांबरोबर ठेवली तर खराब होते. एवढ्या एका आकड्यामुळे माझ्या पात्रांना ती चिंधीत गुंडाळून, ब्लाउजच्या आत किंवा डब्याच्या पिशवीत वेगळी ठेवावी लागते. दृश्यं आपोआप जिवंत झाली.

दुसरा, कस. टाइलच्या खडबडीत बाजूवर दगड घासला की जी रेघ उठते तिचा रंग दगडाच्या रंगापेक्षा वेगळा असू शकतो. सोन्यासारखं चमकणारं पायराइट काळी रेघ सोडतं. काळपट हेमॅटाइटची रेघ विटकरी-लाल असते. झवेरी बाजारात सोनं कसोटीच्या काळ्या दगडावर घासून पाहतात, त्याचीच ही बहीण. सावलीच्या दगडासाठी याहून चांगली खूण मला सुचली नाही: निजगार दिसायला दुधी पांढरी, पण कसाला लावली की रेघ काळी. खोटी निजगार पांढरी रेघ देते. पुढे कथेत एक म्हातारा सोनार याच एका रेघेवरून फसवणूक ओळखतो.

तिसरा, वजन. हा प्रयोग नक्की करा, मुलांनाही आवडतो. दगडाचं वजन करा. मग काट्यावर पाण्याचा पेला ठेवून आकडा शून्यावर आणा. दगड दोऱ्याला बांधून पाण्यात पूर्ण बुडेल असा लोंबता धरा, तळाला टेकू देऊ नका. आता काट्यावर जो आकडा दिसतो तेवढे घनसेंटिमीटर दगडाचं आकारमान. वजनाला त्याने भागलं की घनता मिळते. माझा अंधेरीचा दगड १३० ग्रॅम भरला, पाण्यात ४५ दाखवलं, म्हणजे सुमारे २.९, बेसॉल्टला शोभेशी. गारगोटी २.६५ च्या आसपास, झिओलाइट बहुधा २.१ ते २.३. निजगार रिकामी असताना २.१ आहे. सावली भरली की जड होते. किती? तेही ठरवावं लागलं, कारण तिच्या विक्रीत वजनाला किंमत आहे.

पायरी ३: एकच काम द्या, आणि ते कसं होतं ते ठरवा

इथे मी सगळ्यात जास्त वेळ घालवला आणि तुम्हीही घालवा. "स्वप्नांवर सत्ता" म्हटल्याने काही कळत नाही. दगड नेमकं काय करतो? एका वाक्यात लिहा. ते जमत नसेल तर दगड अजून तयार झालेला नाही.

वाक्य सापडायला खऱ्या खनिजांकडे जा, कारण त्यांचं वागणं कल्पनेपेक्षा चमत्कारिक आहे. झिओलाइटचंच बघा. १७५६ साली क्रोनस्टेट या स्वीडिश खनिजतज्ज्ञाने एक स्फटिक तापवला तर तो पाण्यासारखा उकळू लागला, म्हणून त्याने ग्रीक शब्दांवरून "उकळता दगड" असं नाव दिलं. या स्फटिकांची आतली बांधणी जाळीसारखी असते. त्या जाळीत पाणी अडकून बसतं, तापवलं की निघून जातं, दगड मोडत नाही, आणि गार झाल्यावर पुन्हा पाणी ओढून घेतो. करोनाच्या काळात ज्या ऑक्सिजन कॉन्सन्ट्रेटरसाठी आपण धावपळ केली, त्यांच्या पोटात झिओलाइटचेच दाणे असतात. ते हवेतला नायट्रोजन धरून ठेवतात आणि ऑक्सिजन पुढे सोडतात.

दुसरं उदाहरण हॅकमनाइट. ग्रीनलंडमधला हा दगड ताजा फोडला की गुलाबी-जांभळा दिसतो आणि उजेडात फिका पडत जातो. अंधारात ठेवला किंवा अतिनील किरण दिले की रंग परत येतो. तिसरं आपल्याकडचं जुनं ओळखीचं: मनशीळ. हा लाल दगड उजेडात राहिला तर हळूहळू पिवळी भुकटी होऊन ढासळतो. मनशीळ आणि हरताळ हे पिवळं खनिज, दोन्हींत आर्सेनिक असतं, म्हणून कुठे मिळाले तरी हाताळू नका.

या तिघांतून माझं वाक्य बनलं: निजगार दिवसा आपल्यावर पडलेली माणसाची सावली शोषते आणि रात्री जवळ झोपलेल्याला ती स्वप्न म्हणून परत देते.

आता या वाक्याला खोदून विचारायचं. सावली कोणाची? ज्याची पडली त्याची. स्वप्न कोणाला? जो उशाशी ठेवून झोपेल त्याला. म्हणजे एकाचं आयुष्य दुसऱ्याच्या झोपेत उतरतं. सावली देणाऱ्याचं काय होतं? त्या दिवशी त्याची सावली फिकी पडते, आणि त्या रात्री त्याला स्वप्न पडत नाही. रोज देत राहिला तर? झोपतो पण ताजा उठत नाही. दगडात किती मावतं? एका माणसाची, एका दिवसाची. त्यावर दुसऱ्याची सावली पडली तर? दोन्ही मिसळतात आणि स्वप्नात चेहरे अदलाबदल होतात. हे शेवटचं उत्तर लिहिलं तेव्हा मला स्वतःलाच काटा आला आणि कळलं की कादंबरीचं तिसरं प्रकरण सापडलं.

शक्ती वाढवायचा मोह होईल. होऊ द्या, वहीच्या शेवटच्या पानावर लिहून ठेवा, पण दगडाला देऊ नका.

पायरी ४: मुंबईचं घड्याळ आणि आकाश

सावलीचा दगड म्हणजे सूर्याशी गाठ, आणि सूर्य खोटं लिहू देत नाही. मुंबई कर्कवृत्ताच्या दक्षिणेला, साधारण १९ अंशांवर आहे. म्हणून वर्षातून दोनदा, मेच्या मध्याला आणि जुलैच्या शेवटच्या आठवड्यात, भर दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि उभ्या काठीची सावली नाहीशी होते. हाच शून्य सावली दिवस. मेमध्ये ही वेळ साडेबाराच्या थोडी पुढे, १२ वाजून ३५ मिनिटांच्या सुमारास येते, कारण आपलं घड्याळ प्रयागराजजवळून (जुन्या अलाहाबादजवळून) जाणाऱ्या रेखांशावर चालतं आणि मुंबई त्याच्या बरीच पश्चिमेला आहे. सूर्य उत्तरेला सरकत असल्याने मेमध्ये कुलाब्याची सावली आधी जाते, बोरिवलीची साधारण दिवसभराने. जुलैत उलट, पण तेव्हा ढग बहुधा काही बघू देत नाहीत.

माझ्या कथेत मेमधल्या त्या क्षणी, ज्या-त्या जागेची सावली गेली की, तिथली प्रत्येक निजगार रिकामी होते. कुलाब्यातल्या बोरिवलीच्या एक दिवस आधी. ज्याला दगडातली आठवण वाचवायची आहे तो काय करेल? लोकल पकडून उत्तरेला पळेल. एवढंच त्याला मिळतं: एक दिवस.

२२ डिसेंबरच्या आसपास भर दुपारीही सावली माणसाच्या उंचीच्या सुमारे नऊ दशांश असते. तेव्हा निजगार तुडुंब भरते. आणि पावसाळ्यात चार महिने ती उपाशी. आषाढ-श्रावणात भरलेल्या दगडाचा भाव कुठे जाईल याचा विचार करा.

ट्यूबलाइटच्या, मोबाइलच्या उजेडातल्या सावल्यांचं काय, हेही ठरवून टाका, वाचक हमखास विचारतो. माझा नियम: चालतात, पण स्वप्न तुकड्या-तुकड्यांचं पडतं. चाळीतल्या अंधाऱ्या खोल्यांत राहणाऱ्यांना म्हणून अखंड स्वप्न विकत घ्यावं लागतं.

झोपेचाही हिशेब आहे. शिकागोत १९५३ साली असेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी दाखवलं की झोपेत ठरावीक वेळाने पापण्यांआड बुबुळं भराभर हलू लागतात, आणि तेव्हा जागं केलेली माणसं बहुधा स्वप्न सांगतात. हे चक्र साधारण ९० मिनिटांचं असतं. रात्र सरत जाते तसा स्वप्नांचा भाग लांबतो. पहाटेची स्वप्नं खरी होतात असं आजी म्हणायची. खरी होतात की नाही ते सोडा, पण पहाटे ती लांब पडतात आणि लक्षात राहतात. शेवटची लोकल रात्री एकच्या आसपास सुटते, पहिली पहाटे चारच्या आसपास. मधले तीन तास म्हणजे दोन चक्रं. फलाटावर झोपणाऱ्या माझ्या एका पात्राला तेवढीच स्वप्नं मिळतात.

पायरी ५: दगड कोणाच्या हातात आहे

खाणीत तो पहिल्यांदा कोणाला दिसतो? घण आणि छन्नी चालवणाऱ्याला. त्याला त्याचे किती मिळतात? मधला दलाल कोण, झवेरी बाजारात तो कुठल्या गल्लीत विकला जातो, पावती होते का? वजनासाठी मी गुंज घेतली. ८ गुंजांचा मासा, १२ माशांचा तोळा, हे जुनं माप. गुंजेचं बी लाल आणि त्याला एक काळा डाग, जणू बियेला तिची स्वतःची सावली. तराजूच्या पारड्यात ते बी पडतं तेव्हा वाचकाला काहीतरी दिसतं.

सावली विकत घेता येत असेल तर ती विकणारे कोण असतील, हे टाळून पुढे जाऊ नका. माझ्या कादंबरीत गिरणगावात जिथे गिरणी होती तिथे टॉवर उभा आहे, आणि दुपारनंतर शेजारच्या चाळीवर त्याची सावली पडते. टॉवरच्या सावलीत माणसाची सावली पडतच नाही. म्हणजे चाळीतल्या लोकांचं विकण्याजोगं ऊन फक्त सकाळचं.

आणखी एक गोष्ट आहे. मराठीत सावलीवर लिहिताना ती विसरता येत नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लाहोरच्या परिषदेसाठी लिहिलेलं, तिथे होऊ न दिलेलं आणि १९३६ साली स्वतः छापलेलं 'अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट' हे भाषण वाचा. पेशवाईत समोरून सवर्ण येत असेल तर अस्पृश्यांना रस्त्यावर यायला मनाई होती, सावलीने विटाळ होऊ नये म्हणून, असं त्यात नोंदवलं आहे. ज्या समाजात माणसाच्या सावलीला विटाळ मानलं गेलं तिथे सावली पिणारा दगड आला तर काय होईल? कोण कोणाचं स्वप्न उशाशी घ्यायला तयार होईल, कोण दगड धुऊन घेईल, कोण चोरून घेईल? याचं उत्तर तुम्हाला द्यावं लागेल. माझ्याकडे त्याचं एक अख्खं प्रकरण झालं आणि ते मी सात वेळा लिहिलं.

पायरी ६: नाव आणि बोली

"स्वप्नछायामणी" असलं नाव खाणीतला माणूस ठेवणार नाही. नाव त्याच्या तोंडात बसलं पाहिजे. गार म्हणजे गारगोटी, गार म्हणजे आकाशातून पडणारी, आणि गार म्हणजे थंड. त्याला नीज जोडली. नीज आणि गार, दोन्ही शब्द कुणालाही समजावून सांगावे लागत नाहीत.

मग त्या दगडाबरोबर जगणाऱ्यांची बोली तयार करा. भरलेल्या दगडाला माझी पात्रं "गाभण" म्हणतात, रिकाम्याला "भाकड", मिसळलेल्याला "सरमिसळ". जुन्या वाक्प्रचारांतही बघा. पोथीत चूक झाली की त्यावर हरताळाचा लेप लावून अक्षर मिटवायचे, त्यावरून "हरताळ फासणे" आलं. एका खनिजाने भाषेत घर केलं ते असं. पुराणातला चंद्रकांत मणी चांदण्यात पाझरतो, परीस लोखंडाचं सोनं करतो. त्यांनाही एकेकच काम आहे, म्हणून ते इतकी शतकं लक्षात राहिले.

पायरी ७: दगड तपासा

वहीच्या एका पानावर नियम लिहा. सातपेक्षा जास्त झाले तर कमी करा. मग एखाद्या मुलाला बोलवा, नियम वाचून दाखवा आणि त्याला दगडाने काहीतरी लबाडी करायला सांगा. मुलं पळवाटा भराभर शोधतात. भाचीने मला विचारलं, सावली फोटोत असेल तर? कुत्र्याची पडली तर? दोन माणसं एकाच उशीवर झोपली तर? प्रत्येक प्रश्नाला आधीच्या नियमांतून उत्तर निघालं तर दगड पक्का. नवीन नियम बनवावा लागला तर पायरी ३ कडे परत.

त्यानंतर दगड जवळ असलेल्या माणसाचं एकच साधं दृश्य लिहा, ज्यात जादू होत नाही. गर्दीच्या लोकलमध्ये तो खिशावर हात ठेवून उभा आहे, कुणाची सावली पडू नये म्हणून. हे दृश्य वाचताना श्वास अडकत असेल तर पुढे जा.

सगळं झाल्यावर मी भाचीला तिच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर दिलं. नायिका आईची सावली बोलावू शकत नाही, कारण निजगारीत फक्त जिवंतपणी पडलेली सावली असते आणि मेच्या मध्याला ती रिकामी होते. आई फेब्रुवारीत गेली. भाची थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "पण त्याआधी आई कधीतरी गॅलरीत उभी राहिली असेल ना? आणि खाली कोणाच्या तरी खिडकीत दगड असेल?"

आता नायिका तो दगड शोधते आहे. गोष्ट मार्चमध्ये सुरू होते.